ट्रॅक्टर गेला नाही

बुडापेस्ट
२० नोव्हेंबर १९९४, रविवार

प्रिय एटेल्का ताई,

तुझं पत्र बुधवारी मिळालं. मी ठीक आहे. डावीकडचे दोन दात काढले, त्यामुळे सध्या पाव कॉफीत बुडवून खातो. तुझा गुडघा, कोंबड्या आणि धुरकट चूल यांबद्दल तू काही लिहिलं नाहीस, म्हणजे तिन्ही होती तशीच असणार. तू एकच गोष्ट विचारली आहेस. तिच्याकडे येतो.

आधी तुझ्या पत्रातल्या दोन चुका दुरुस्त करतो, नाहीतर माझं पुढे लक्ष लागणार नाही. माझी फिल्म आपल्या गावच्या सांस्कृतिक भवनात दाखवली तो शनिवार नव्हता. १३ ऑक्टोबर १९८९, शुक्रवार. आणि या महिन्यात देझो भावोजींच्या दफनाला मी "फाटकाबाहेर उभा" नव्हतो. फाटकातून आत आल्यावर पाण्याचा नळ आहे, त्याच्याशेजारी होतो. तिथून खड्डा दिसत होता. पेटी उचलायला गावातलं कुणी पुढे आलं नाही, दफन-कंपनीच्या चार भाडोत्री माणसांनी उचलली, हेही दिसलं. जेवणाला न थांबता गेलो कारण बस होती, असं मी तुला सांगितलं. बस चार वाजता होती. मी दीड वाजता गेलो.

हे पत्र तुझ्याखेरीज इतरांनीही वाचायचं आहे, म्हणून तुला पाठ असलेल्या गोष्टीही लिहितो आहे. कंटाळू नकोस.

तू लिहितेस की दगडवाला खोळंबला आहे. थडग्याच्या दगडावर भावोजींचं एकट्याचं नाव कोरायचं, की रीतीप्रमाणे बायकोचंही शेजारी कोरून ठेवायचं: नाव, जन्मसाल, एक आडवी रेघ आणि पुढची जागा कोरी. मिकुलाशच्या सणापर्यंत, म्हणजे सहा डिसेंबरपर्यंत, त्याला उत्तर हवं आहे. आणि मग तुझं ते वाक्य, जसंच्या तसं: "ज्या माणसाने केलेमेनचं नाव दिलं, त्याच्या शेजारी मी माझं नाव कोरून घ्यायचं का? अकरा वर्षं एका खोलीत झोपले, तेवढं पुरे नाही का? तू असल्या लोकांत वावरलास, वेंडेल. खरं काय ते तुला ठाऊक असणार."

ठाऊक आहे.

इकडची बातमी अशी की आमचा स्टुडिओ बंद झाला. म्हणजे कागदोपत्री मे महिन्यातच झाला होता, पण ऑक्टोबरात ट्रक आला आणि संकलनाची चारही टेबलं घेऊन गेला. मी एकोणीस वर्षं ज्या टेबलापाशी बसलो त्याच्या उजव्या चकतीचा स्क्रू मी स्वतः बनवलेला होता, पितळेचा. हमालाला म्हटलं, सांभाळून. तो म्हणाला, "काका, भंगारात जायचंय ते, सांभाळायचं काय त्यात." सध्या मी लग्नं चित्रित करतो. नवऱ्यामुलाचा बाप येऊन विचारतो, "आमच्या गरिबाघरच्या लग्नात प्रकाश पुरेल ना?" मी म्हणतो, पुरेल. पुरत नाही, पण त्यांना फरक कळत नाही आणि आता मी समजावत नाही.

तू म्हणायचीस, "वेंडेल लोकांच्या स्वयंपाकघरात जाऊन बसतो आणि त्यांना बोलतं करतो." माझ्या कामाबद्दल याहून नेमकं कुठल्याही समीक्षकाने लिहिलेलं नाही. सतराव्या वर्षी खाणीत इलेक्ट्रिशियन झालो, युनियनचा कॅमेरा कपाटात धूळ खात होता तो दुरुस्त केला, आणि दुरुस्त झाला आहे का ते पाहायला दिव्यांच्या खोलीचं चित्रण केलं. नऊ मिनिटांची ती फिल्म. तिला कामगारांच्या महोत्सवात बक्षीस मिळालं तेव्हा तू माझ्या शर्टाला इस्त्री केली होतीस. पुढे राजधानीत आलो, तीन वर्षं दिवे ओढले, मग दिग्दर्शक झालो. एकूण अकरा फिल्म. माझ्याभोवती सगळे चित्रपटशाळेचे पदवीधर. कॅन्टीनमध्ये मी आलो की कुणीतरी बल्बाकडे बघून म्हणायचं, "आले आमचे इलेक्ट्रिशियन, आता उजेड पडेल." मी हसायचो. आणि मनात म्हणायचो, तुमच्या फिल्ममध्ये माणसाचं नाव चुकतं, साल चुकतं. माझ्या फिल्ममध्ये एक चूक दाखवा.

कारण माझी पद्धत होती. कॅमेऱ्यासमोर बसलेल्या प्रत्येकाने आधी तीन गोष्टी सांगायच्या: नाव, जन्मसाल, घर क्रमांक. म्हातारी असो, खाण-अधिकारी असो. हे तीन ज्याला सांगता येत नाहीत त्याच्या साक्षीला मी गप्पा समजायचो. या तीन गोष्टींचा मला फार अभिमान होता, ताई.

१९८३ साली मी खाणीच्या बँडवर फिल्म करायला गावी आलो. कागदावर बँडची फिल्म होती. १९ मार्च, शनिवार. भावोजी तुझ्या स्वयंपाकघरात खिडकीशेजारी बसले, मांडीवर तो मोठा पितळी भोंगा. तू चमचे वाजवत होतीस म्हणून मी तुला सहकारी दुकानात पिटाळलं. तू म्हणालीस, "माझ्या घरातून मलाच हाकलतोय, दिग्दर्शक कुठला," आणि टोपली घेऊन गेलीस. तू गेल्यावर भावोजींनी भोंगा जमिनीवर ठेवला.

त्या दिवशी ते जे बोलले ते त्यांनी तुलाही कधी सांगितलं नव्हतं. छप्पन सालचा उठाव चिरडल्यावर, डिसेंबरात, खाणीच्या कचेरीसमोर गोळीबार झाला आणि दोन कामगार पडले. त्यांना कुठे पुरलं हे कुणाला कळता कामा नये असा हुकूम होता, चुन्याच्या खड्ड्यात टाकायचं ठरलं होतं. भावोजींनी आणि आणखी एका माणसाने पहाटे ते दोघे घोडागाडीत घातले, वर बटाट्याची पोती रचली, आणि टेकडीवरच्या आक्रोडाखाली नीट, चार फूट खोल पुरले. घोडा कुठल्या रंगाचा, मी विचारलं. करडा, ते म्हणाले. आणखी काही? मागच्या डाव्या पायाला नाल नव्हती, दगडावर वेगळा आवाज यायचा, त्याचीच भीती वाटत होती. गाडी कुणाची?

तेव्हा ते म्हणाले, "त्याचं नाव नको लिहूस, वेंडेल. त्याच्या दोन पोरी आहेत. माझं लिही हवं तर."

मी कॅमेरा थांबवला. आम्ही एकेक ग्लास कडक पालिंका घेतली. मग घरातल्या माणसाला विचारावं तसं मी विचारलं, आणि घरातल्या माणसाला सांगावं तसं त्यांनी सांगितलं. केलेमेन दुदाश. तू टोपली घेऊन परत आलीस तेव्हा आम्ही बँडबद्दल बोलत होतो.

आता आमच्या धंद्यातली एक गोष्ट तुला सांगायला हवी. स्टुडिओचा नियम असा की संकलनाचं टेबल मिळण्याआधी चित्रित झालेला प्रत्येक शब्द टाइप करून द्यायचा. पाच प्रती, कार्बन लावून. एक दिग्दर्शकाला, एक कार्यालयाला, एक संग्रहाला, एक संपादकाला, आणि पाचवी कुठे जाते ते कुणी विचारत नसे. सगळ्यांना माहीत होतं. म्हणूनच त्या पदवीधरांची एक रीत होती, शाळेत न शिकवलेली: साक्षीदाराच्या अंगाशी येईल असं काही आलं की तिथे कंसात लिहायचं, "ट्रॅक्टर गेला, शब्द ऐकू येत नाहीत." त्यांच्या कागदांत इतके ट्रॅक्टर जायचे की या देशात एवढे असतील तर शेती चांगली का होत नाही, असं आम्ही म्हणायचो. मीही म्हणायचो. पण मला तो आळशीपणा वाटायचा. माझ्या अकरा फिल्मच्या कागदांत एकदाही "ऐकू येत नाही" लिहिलेलं नाही. माझ्या कानाची ख्याती होती.

टायपिस्ट पिरोश्का बाई होत्या, साठीच्या, चष्म्याला साखळी. मी सांगत होतो, त्या टाइप करत होत्या. त्या वाक्यापाशी त्यांचे हात थांबले.

"वेंडेल, इथे ट्रॅक्टर गेला असेल ना?"

"नाही गेला."

"मार्चमध्ये जातात बरं ट्रॅक्टर. नांगरणी असते."

"पिरोश्का बाई, स्वच्छ ऐकू येतंय. लिहा."

"तो माणूस म्हणतोय नको लिहू. मी ते पण लिहू?"

"तेही लिहा. आणि खाली टीप घाला: गाडीवान, दुदाश केलेमेन, जन्म १९२९, घर क्रमांक एकेचाळीस."

त्यांनी चष्मा काढून पुसला. "तुमच्या आईने तुम्हाला चांगलं वाढवलंय," म्हणाल्या. मला वाटलं कौतुक करताहेत.

टीप घालायची गरज नव्हती. नाव फिल्ममध्ये नव्हतं, आवाजाच्या पट्टीवर नव्हतं, कुणी मागितलंही नव्हतं. मला ती जागा रिकामी बघवली नाही, एवढंच. याहून चांगलं कारण मी अकरा वर्षं शोधतो आहे.

पुढचं गावाला माहीत आहे. सप्टेंबरात गुप्त पोलिसांची दोन माणसं केलेमेनकडे आली. घोडा करडा होता ना, मागच्या डाव्या पायाला नाल नव्हती ना, असं विचारत होती. हे फक्त दोघांना ठाऊक होतं, एक तो स्वतः आणि एक गाडीत त्याच्याशेजारी बसलेला. केलेमेनने घरी येऊन बायकोला सांगितलं, "देझोने दिलं." आणखी तीनदा त्याला बोलावलं. गोदामातली नोकरी गेली, थोरल्या मुलीची शाळेतली नोकरी गेली. आक्रोडाखालचं उकरून नेलं, कुठे नेलं ते अजून कुणाला माहीत नाही. फेब्रुवारीत केलेमेन खाणीच्या तळ्यावर गेला आणि परत आला नाही.

१९८४च्या डिसेंबरात तुम्ही डुक्कर कापलंत तेव्हा धरायला एकही शेजारी आला नाही. चार माणसं लागतात. मागचे दोन्ही पाय तू एकटीने धरलेस. रीतीप्रमाणे सॉसेज आणि भाजलेल्या मांसाचं ताट तू शेजारच्या सहा घरी पाठवलंस आणि सहाही ताटं फडकंसुद्धा न उघडता कुंपणावर ठेवलेली मिळाली. हे तू मला पत्रात लिहिलं होतंस. मी उत्तरात फिल्मच्या अडचणी लिहिल्या होत्या.

१९८४च्या एप्रिलमध्ये भावोजी मला भेटायला आले होते, हे तुला माहीत नाही. तू समजलीस डोळे तपासायला गेले. स्टुडिओच्या फाटकाशी उभे होते, दफनविधीचा कोट घालून. आम्ही कोपऱ्यावरच्या खाटकाकडे उभ्याने उकडलेलं सॉसेज खाल्लं. ते मोहरी फार घ्यायचे, कागद पिवळा व्हायचा.

मी म्हटलं, "भावोजी, फिल्म अडवून ठेवलीय. पण सुटेल. सुटली की तुम्ही काय म्हणालात ते सगळं गाव ऐकेल."

"कधी सुटेल?"

"सांगता येत नाही."

"मग तोवर तू येऊन सांग. केलेमेनच्या बायकोला सांग. दहा मिनिटांचं काम आहे."

"मी आत्ता असं काही बोललो तर मला पुन्हा कॅमेरा हातात देणार नाहीत."

त्यांनी पाव मोडला, चघळला. मग म्हणाले, "ते खरं आहे."

"तुम्ही एटेल्का ताईला सांगा. निदान तिला."

"मी नाही सांगणार. तिला नवरा दुसराही मिळाला असता, अजूनही बघणारे आहेत. भाऊ एकच आहे तिला. तो तिच्यापासून मी काढून घेऊ? ते तुझं तू सांगायचं, मेहुणेबुवा." आणि हसले. खरंच हसले, दातात पाव अडकला होता. "घाई नाही. हिवाळ्यापर्यंत सांग."

त्यांनी कुठला हिवाळा ते सांगितलं नाही, आणि माझ्यासारख्या माणसाने तेवढं मात्र विचारलं नाही.

एकोणनव्वद साली फिल्म सुटली. कात्री माझ्या हातात होती, वरून कुणी बघत नव्हतं. तुझ्या स्वयंपाकघरातलं चित्रण अठ्ठावीस मिनिटांचं होतं. "त्याचं नाव नको लिहूस" हे वाक्य ठेवलं असतं तर प्रेक्षकांतल्या प्रत्येकाने विचारलं असतं, मग कुणी लिहिलं? ते एक वाक्य काढलं तर बाकीचं तुटक वाटत होतं. म्हणून अठ्ठावीसच्या अठ्ठावीस मिनिटं काढली. लांबी जास्त होत होती, असं मी सगळ्यांना सांगितलं. बक्षीस मिळालं. "साक्षीदारांशी प्रामाणिक" असं प्रमाणपत्रात छापलेलं आहे. ते भिंतीवरून मी काढलेलं नाही, मागे ओल आहे.

त्या शुक्रवारी तू दुसऱ्या रांगेत भावोजींशेजारी बसली होतीस. मी मागे प्रोजेक्टरपाशी. तुम्हा दोघांच्या आजूबाजूच्या खुर्च्या रिकाम्या होत्या. फिल्म संपली आणि तू त्यांच्याकडे पाहिलंस. तू आता लिहितेस, "तू त्याला अख्खा काढून टाकलास तेव्हाच मी समजले. भाऊ तोंडाने बोलणार नाही, पण कात्रीने बोलला." नाही ताई. कात्रीने मी खोटं बोललो. भावोजी उठले, टोपी घातली, आणि माझ्याजवळून जाताना म्हणाले, "बँड छान वाजलाय."

तर तुझ्या प्रश्नाचं उत्तर: देझो भावोजींनी केलेमेनचं नाव कुणाला दिलं नाही. मी दिलं. लेखी, टीप घालून, घर क्रमांकासकट. त्यांना हे माहीत होतं, आणि ते अकरा वर्षं मी तुला सांगेन म्हणून थांबले. दगडवाल्याला काय सांगायचं ते तू ठरवशील. तुला सल्ला देण्याचा हक्क मला उरलेला नाही, आणि ती अकरा वर्षं कुणी परत देऊ शकत नाही. तुझीही नाहीत आणि त्यांचीही. तू त्यांच्याशी कशी बोलायचीस हे मी नाताळात दोनदा ऐकलं आहे. "पाणी हवं तर घ्या." मी त्या वेळी टेबलाशी होतो. समोर सूप होतं.

आणखी एक. दर डिसेंबरात त्यांच्याकडून मला पार्सल यायचं. एक सॉसेज, तपकिरी कागद, दोरा, आणि चिठ्ठीवर फक्त तारीख. पहिलं तर तुझ्या सहा घरांनी परत पाठवलं त्याच डुकराचं. दहा पार्सलं आली. पहिल्या वर्षी मला वाटलं, माफ केलं. तिसऱ्या-चौथ्या वर्षी कळलं की हिवाळा आला, एवढंच ते कळवत आहेत. गेल्या वर्षी तारखेखाली लिहिलं होतं, "डुक्कर लहान होतं." मी ती सगळी खाल्ली. चांगली असायची, लसूण बेताची.

सोबत कागदात गुंडाळून आवाजाची एक पट्टी पाठवतो आहे. एकोणनव्वद साली कापलेली. चहाच्या डब्यात ठेवली होती. लांबी दोन मीटर एक सेंटीमीटर, म्हणजे अकरा सेकंद. भावोजींचं ते वाक्य तिच्यावर आहे: नाव नको लिहूस, त्याच्या दोन पोरी आहेत, माझं लिही हवं तर. शेवटी तुझ्या चुलीवरचं झाकण एकदा वाजतं. डोळ्यांना तिच्यावर काही दिसणार नाही, तपकिरी फीत आहे नुसती. ती ज्यावर वाजवता येते असं टेबल माझ्या माहितीत होतं ते ऑक्टोबरात ट्रकमधून गेलं. मी शेवटची ऐकली ती त्याआधी चार दिवस. तेव्हा मला भावोजींच्या आजाराचं कळलेलं होतं. दोन दिवसांत गावी पोचून, भवनातली कुठलीतरी जुनी यंत्रं जोडून, त्यांच्या हयातीत ती वाजवता आली असती. मी इलेक्ट्रिशियन आहे. जोडली असती. मी पट्टी परत डब्यात ठेवली.

हे पत्र मी टाइप केलं आहे, पाच प्रती, कार्बन लावून. एक तुला. एक खाणीच्या निवृत्तांच्या मंडळाला. मंडळाची खोली कुलूपबंद आहे हे मला माहीत आहे, दाराखालून सरकवायला पाकिटावर पोस्टमनसाठी लिहिलं आहे. एक पाद्रीबाबांना, ते नवे आहेत, त्यांना केलेमेन कोण ते माहीत नसेल, म्हणून सगळं पहिल्यापासून लिहिलं. एक केलेमेनच्या बायकोसाठी होती, पण ती मार्चमध्ये गेली हे तुझ्याच पत्रातून कळलं, म्हणून ती थोरल्या मुलीच्या जुन्या पत्त्यावर पाठवतो. परत येईल असं वाटतं. पाचवी माझ्याकडे. यात कुठेही ट्रॅक्टर गेलेला नाही.

उत्तर पाठवायची गरज नाही. आणि यंदा डुक्कर कापू नकोस, तुझ्या गुडघ्याला पाय धरवणार नाहीत.

तुझा भाऊ,
वेंडेल सालाइ
जन्म १९४१
घर क्रमांक एकोणीस, जिथे तू मला वाढवलंस